भीमा-सीनेच्या मधली पांढरी: प्रकल्प नोंदी

९ मार्च २०२५, रविवार

ज्वारीची काढणी उरकत आली, रानं मोकळी होतायत. आजपासून वही सुरू.

क्षेत्र ठरलंय ते असं: मोहोळ आणि दक्षिण सोलापूर तालुक्यांतला भीमा आणि सीना यांच्या मधला पट्टा. शेवट हत्तरसंग कुडलच्या संगमावर. भीमेपलीकडचं माचणूर सोडवत नाही, म्हणून तेही घेतलं.

सोलापूरचा भुईकोट, सिद्धरामेश्वराचं मंदिर, पंढरपूर, वेळापूरचा अर्धनारीनटेश्वर यांना हात लावायचा नाही. त्यांच्यावर लिहिणारे आहेत, पाटी लागलेली आहे, कुठे कुठे तारेचं कुंपणही आहे. आम्हाला हवंय ते यादीबाहेरचं: उठून गेलेल्या गावांची पांढरी, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीची टेकाडं, बांधावर आडवे पडलेले वीरगळ, म्हणजे लढून मेलेल्यांचे स्मारकदगड, बुजलेल्या बारवा, पडक्या गढ्या, जुन्या पाणंदी आणि नदीचे उतार, म्हणजे पायी ओलांडायच्या जागा. एकेकटं बघितलं तर यातलं काहीच भव्य नाही. पण पांढरीच्या टेकाडावरून नदीचा उतार दिसतो, उताराकडून पाणंद येते, पाणंदीच्या तोंडाशी वीरगळ उभा असतो आणि वीरगळावर गाई कोरलेल्या असतात. हे सगळं एकत्र नकाशावर आल्याशिवाय त्याचा अर्थ लागत नाही.

दोन नियम आधीच लिहून ठेवतो. एक, खापराचा तुकडासुद्धा उचलायचा नाही. मोजपट्टी ठेवून फोटो, जागेची नोंद आणि परत जिथल्या तिथं. उचलणं, खणणं हे ज्यांच्याकडे परवाना आहे त्यांचं काम. दोन, यादीबाहेरच्या ठिकाणांची गावं या नोंदींत नावानं येणार नाहीत. गुप्तधनवाल्यांचा या भागात सुळसुळाट आहे. अमावस्येच्या रात्री वीरगळाखाली खड्डा मारून जाणारे लोक आमच्या नोंदी वाचणार नाहीत असं समजायचं कारण नाही.

२३ मार्च, रविवार

हत्तरसंग कुडल. सीना इथं भीमेला मिळते. उन्हाळ्यामुळे पाणी खाली गेलेलं, दोन्ही पात्रांतला वाळूचा रंग वेगळा दिसतो.

संगमेश्वर मंदिरातल्या तुळईवरचा लेख नव्यानं टिपायची गरज नव्हती, पण आमच्यातल्या नव्या मुलांनी तो डोळ्यांनी बघावा असं वाटलं. शके ९४०, म्हणजे इसवी सन १०१८. कल्याणीच्या चालुक्यांचा काळ. शेवटची ओळ ‘वाछि तो विजेया होइवा’. जो वाचील तो विजयी होईल. मराठीतल्या सर्वांत जुन्या कोरीव लेखांत याची गणना होते. सोलापूरच्या आनंद कुंभार यांनी तो अभ्यासकांपुढे आणला. पायी, एसटीनं, मिळेल त्या वाहनानं खेडोपाडी फिरून शिलालेखांचे ठसे घेणारा हा माणूस नसता तर या जिल्ह्यातले निम्मे लेख आज शेंदराखाली असते. हे माझं मत, कुणाला जास्त वाटलं तर वाटो.

मान वर करून तुळई बघताना एक गोष्ट लक्षात येते. लेख अंधारात आहे. दुपारी ऊन कलल्यावर बाजूनं प्रकाश येतो, तेवढा वेळ अक्षरं उठून दिसतात. मोबाइलची बॅटरी समोरून मारली तर दगड सपाट दिसतो, तीच आडवी धरली की काना-मात्रा वर येतात. मुलांनी ते स्वतःच शोधून काढलं.

शेजारचं हरिहरेश्वर मंदिर आमच्या कामाच्या दृष्टीनं जास्त महत्त्वाचं. १९९० च्या दशकापर्यंत ते मातीच्या ढिगाऱ्यात गाडलेलं होतं. गावाच्या लेखी ते एक टेकाड होतं, एवढंच. माती काढली तेव्हा मंदिर निघालं आणि ३५९ मुखं कोरलेलं बहुमुखी लिंगही निघालं. आज लोक लांबून ते बघायला येतात. मधल्या काळात एखाद्यानं ते टेकाड सपाट करून ऊस लावला असता तर? या पट्ट्यात अशी टेकाडं आणखी आहेत. सगळ्यांत मंदिर असणार नाही, असू नयेही. पण सपाट करायचा वेग मात्र तेव्हापेक्षा कितीतरी वाढलाय.

१३ एप्रिल, रविवार

सीनेकाठचं पहिलं गाव. गावाच्या उगवतीला पांढरीचं टेकाड, दोन पुरुष उंच. अर्धं गावठाणाच्या हद्दीत, अर्धं एका शेतकऱ्याच्या सातबाऱ्यावर. उत्तरेकडून जेसीबीनं ओरबाडलेलं, त्यामुळे माती उभी कापली गेलीय आणि थर उघडे पडलेत.

उन्हात तास-दीड तास त्या कापासमोर बसलो. वरचा हातभर थर ढिसूळ, त्यात काचेच्या बांगड्यांचे तुकडे, कौलं, अलीकडची चिनी मातीची कपची. त्याखाली राखेचा पट्टा, मधे मधे कोळसा. मग सारवलेल्या जमिनीसारखी घट्ट, बोटभर जाडीची रेघ. ती एका जागी खाली वळते आणि पुन्हा वर येते, म्हणजे तिथं खळगा होता. तिच्या खाली पुन्हा राख, जनावरांची हाडं आणि आतून काळं बाहेरून तांबडं असं पातळ खापर. हे शेवटचं बघून आमच्यातल्या पुरातत्त्व शिकलेल्या मुलीचा आवाज बदलला. काळी-लाल भांडी दख्खनेत सातवाहनांच्या वस्त्यांत सर्रास मिळतात. बार्शीपलीकडचं तेर, म्हणजे ग्रीक व्यापाऱ्याच्या ‘पेरिप्लस’मधलं तगर, इथून फार लांब नाही. तरी एका खापरावरून काळ ठरवायचा नाही. फोटो, मोजमाप, पुढे.

माती कुठे जाते ते विचारायला फार फिरावं लागलं नाही. टेकाडाला लागूनच्या घरावर एक आजी सुनेला सूचना देत माळवदावर, म्हणजे धाब्याच्या सपाट छतावर, माती पसरून घेत होत्या.

“पांढरीची का, आजी?”

“मग? काळी टाकू व्हय? काळी उन्हात फुटती, पावसात फुगती. ही एकदा धुमसली की टिपूस गळत न्हाई.”

“कधीपासून इथनं आणता?”

“माझ्या सासूनं इथनंच आणली, तिच्या सासूनंबी. पाटीनं आणायचो. आता पोरं ट्रॉलीनं नेत्यात.”

सगळी गोम या दोन वाक्यांत आहे. पिढ्यान्‌पिढ्या पाट्या वाहूनही टेकाड उभं राहिलं, कारण पाटीची माती पाटीएवढीच असते. राख, शेण, चुना, पडक्या भिंती यांची मिळून झालेली ही माती काळीसारखी फुगत नाही, म्हणून धाब्याच्या घराला तिच्याइतकं काही चालत नाही. लोकांनी जुनं गावठाण वापरलं ते अडाणीपणानं नव्हे. आता माळवदं कमी झाली, स्लॅब आले. तरी टेकाड झपाट्यानं संपतंय, कारण आता ती माती खत म्हणून, भराव म्हणून आणि वीटभट्टीच्या फटीत भरायला जाते, आणि उचलणारं यंत्र दिवसाला शेकडो पाट्या उचलतं.

४ मे, रविवार

४२ अंश. सकाळी सहा ते साडेनऊ चालायचं, मग झाड गाठायचं.

नांगरटीनंतरची रानं पायी तपासतोय. दहा-दहा मीटरवर एक जण, सरळ रेषेत. काळ्या रानात खापर दिसलं म्हणून खाली वस्ती असेलच असं नाही. भेगाळणारी जमीन खालचं वर आणते, वरचं भेगेतून खाली गिळते. शिवाय शेणखताबरोबर पांढरीची माती रानोमाळ पसरलेली. म्हणून एकट्यादुकट्या तुकड्याला आम्ही ‘पसरण’ म्हणतो. दाट आणि सलग मिळालं तरच ‘ठिकाण’. उसाच्या रानात काहीच दिसत नाही. वर्ष-दीड वर्ष ती जमीन आमच्यासाठी बंदच.

दुपारी संगणकावर काम. १९६० च्या दशकात अमेरिकेच्या कोरोना उपग्रहांनी काढलेली हेरगिरीची छायाचित्रं १९९५ मध्ये खुली झाली. त्यातली या भागाची मिळवून आजच्या उपग्रहचित्रांवर बसवली. उजनी धरण व्हायच्या आधीचा, ऊस पसरायच्या आधीचा मुलूख. आज जिथं सपाट रान दिसतं तिथं त्या चित्रात फिकट गोल डाग आहेत. असे डाग कागदावर उतरवले आणि प्रत्यक्ष जाऊन बघायला लागलो. काही ठिकाणी नुसता मुरमाड उंचवटा निघाला. काही ठिकाणी पायाखाली राखाडी माती आणि खापरांचा सडा, आणि मालक म्हणतो, “वडलांनी सपाट केलं, इथं बाजरीबी येत नव्हती.” शीतयुद्धातल्या हेरांनी दक्षिण सोलापूरच्या पांढरीची नोंद ठेवावी, याची गंमत वाटत राहते.

२२ जून

माचणूर. भीमेच्या काठावर सिद्धेश्वराचं मंदिर आणि शेजारी किल्ला. १६९५ ते १६९९ औरंगजेबाची छावणी इथं ब्रह्मपुरीला होती. त्यानं तिचं नाव इस्लामपुरी ठेवलं. किल्ला लोक बघतात, छावणी कुणी बघत नाही, कारण बघण्यासारखं वर काही उरलेलं नाही. तंबू, बाजार, जनावरांचे तळ, पाणवठे असं शहराएवढं प्रकरण चार वर्षं इथल्या रानांवर पसरलेलं असणार. ते शोधायचं तर किल्ल्याकडे पाठ करून चालावं लागेल. पेरण्या सुरू झाल्यात, आता उन्हाळ्यातच.

१७ ऑगस्ट, रविवार

परवाच्या १५ ऑगस्टच्या ग्रामसभेत टेकाड राखायचा विषय निघाला, चर्चा झाली, ठराव २ ऑक्टोबरच्या सभेत घेऊ म्हणाले. त्यानंतर तलाठ्यांशी बसून कायद्याचं नीट समजून घेतलं. गावात सतत विचारतात, म्हणून इथं मांडून ठेवतो.

केंद्राचा १९५८ चा प्राचीन स्मारकांचा कायदा आणि राज्याचा १९६० चा कायदा दोन्ही ‘संरक्षित’ म्हणून जाहीर झालेल्या ठिकाणांना लागू होतात. केंद्र संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत बांधकामाला बंदी आणि त्यापुढे २०० मीटर परवानगीचा पट्टा, ही २०१० ची दुरुस्ती. सोलापुरात किल्ल्याच्या आसपास राहणाऱ्यांना ती तोंडपाठ आहे. पण आमची पांढर जाहीरच झालेली नाही, त्यामुळे यातलं तिला काहीच लागू नाही. १८७८ चा निखात निधीचा, म्हणजे पुरलेल्या धनाचा, कायदा मात्र सगळीकडे लागू आहे: जमिनीत दहा रुपयांहून जास्त किमतीचं काही सापडलं तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवायचं. आणि १९७२ च्या पुरावस्तू कायद्यानं शंभर वर्षांपेक्षा जुन्या मूर्ती-शिल्पांचा व्यवहार मनमानी करता येत नाही.

म्हणजे पांढरीतलं सोन्याचं नाणं कायद्याच्या कक्षेत, आणि ते नाणं ज्या थरात होतं तो थर ट्रॉलीतून गेला तर कुणाचंच काही नाही. खुद्द माती गौण खनिजात मोडते, तेवढाच एक धागा. महसूल खात्याला परवान्याशिवाय उत्खनन थांबवता येतं.

गावातली भीती वेगळीच आहे. “सरकारला कळवलं की जमीन गेली.” ही भीती काढल्याशिवाय ठराव होणार नाही. आम्ही जाहीर संरक्षणाची मागणी करत नाही आहोत, हे प्रत्येक घरात सांगावं लागतंय. मला स्वतःला वाटतं की या असल्या ठिकाणांना पाटी आणि पहारेकरी मिळणारही नाहीत आणि मिळून फारसं साधणारही नाही. ग्रामपंचायतीनं ज्याप्रमाणे जैवविविधता नोंदवही ठेवायची असते त्याच धर्तीवर वारशाची एक नोंदवही ठेवावी, नकाशासकट. घरकुलाची जागा, पाइपलाइन, रस्ता ठरवताना ती उघडून बघितली तरी पुष्कळ झालं.

जाता जाता वीरगळाची नोंद. रस्ता रुंद करताना मारुतीसमोरचे वीरगळ उचलून शाळेच्या भिंतीला लावून ठेवलेत. चांगल्या भावनेनं केलंय, पण मूळ जागा गेली. त्यातला एक फार देखणा: खालच्या चौकटीत ढाल-तलवारीचा वीर आणि त्याच्यामागे गाईंची रांग, शेवटची गाय मान वळवून मागं बघतेय. मधे त्याला घेऊन जाणाऱ्या अप्सरा, वर लिंगपूजा, सगळ्यांत वर चंद्र-सूर्य. कडेला हळेकन्नड, म्हणजे जुन्या कन्नडची, अक्षरं, झिजलेली. अक्कलकोटकडचे एक निवृत्त गुरुजी कन्नड वाचतात, त्यांना ठसा दाखवायचा. जुन्या माणसांच्या सांगण्यावरून मूळ जागा नकाशावर घातली. पाणंदीच्या तोंडाशीच निघाली.

२५ सप्टेंबर, गुरुवार

सीनेला महापूर. लांबोटीजवळ पुणे महामार्ग बंद, वडकबाळकडे विजापूर रस्ता बंद. ज्या जिल्ह्याचा वर्षाचा पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास, तिथं हे. गावातली माणसं शाळेत आणि मंदिरात आहेत, जनावरं कुठं कुठं पांढरीच्या टेकाडावर बांधलीत असं फोनवर कळलं. प्रकल्पाचं काम बंद. जमेल ते चारा-भाकरी पोचवायचं बघतोय.

५ ऑक्टोबर, रविवार

रस्ता उघडल्यावर गेलो. परवाची ग्रामसभा झालीच नाही. २ तारखेला गांधी जयंती आणि दसरा एकाच दिवशी, त्यात घरात चिखल, कोण येणार.

टेकाडाची नदीकडची बाजू कोसळलीय. जेसीबीनं तीन-चार वर्षांत जेवढं नेलं नसेल तेवढं एका रात्रीत गेलं. पण उभा काप उघडा पडलाय तो चाळीसेक पावलं लांब आणि स्वच्छ, जणू सुरीनं उतरवलेला. त्यात दोन पेवं कापली गेलीत. तोंड अरुंद, पोट फुगीर, तळ सपाट. एकाच्या कडेला जळक्या कडब्याचं अस्तर अजून चिकटलेलं. ज्वारी साठवायची पेवं या भागात आजोबांच्या पिढीनं वापरलेली आहेत, त्यामुळे गावातल्या म्हाताऱ्यांनी ती आमच्याआधी ओळखली. आत गॅस धरतो म्हणून तोंड उघडल्यावर लगेच उतरायचं नाही, आधी कंदील सोडायचा, हेही सांगितलं. पेव वरच्या थरातून खाली घुसलंय आणि राखेचे पट्टे कापत गेलंय. जे कापतं ते नंतरचं, म्हणून पेव त्या राखेच्या थरांपेक्षा अलीकडचं. किती अलीकडचं, ते तोंड ज्या थरात आहे त्या थरावरून ठरेल.

आज काप दोरी आणि पाणपातळी लावून ग्राफ कागदावर उतरवला, मीटर-मीटरचे फोटो घेऊन त्रिमिती प्रतिकृतीसाठी ठेवले. दुसरा पाऊस आला तर हा कापही राहणार नाही. कागदोपत्री उरेल तेवढंच उरेल, म्हणून जेवायला सुद्धा थांबलो नाही.

पंचनामे चालू होते. पीक, घर, विहीर, जनावर, खरडलेली जमीन असे रकाने. पांढरीला रकाना नाही. आज तो मागायची वेळही नव्हती.

२ नोव्हेंबर, रविवार

वर्षातली सर्वांत अवघड बैठक.

ज्यांच्या सातबाऱ्यावर निम्मं टेकाड आहे ते अण्णा. त्यांचं नदीकाठचं रान खरडून गेलंय, खाली गोटे उघडे पडलेत. सरकारनं खरडलेल्या जमिनीला हेक्टरी ४७ हजार रोख आणि रोजगार हमीतून ३ लाखांपर्यंतची कामं जाहीर केलीत. पैसे येतील तेव्हा येतील, माती आत्ता हवी. रब्बीची वेळ टळत चाललीय. सगळ्यांत जवळची माती कुठली? टेकाडाची. घरापासून रान, रानापासून टेकाड, सगळं हाकेच्या अंतरावर.

अण्णा शांतपणे म्हणाले, “सर, तुमची खापरं जाग्यावर ऱ्हायली. माझं रान गेलं की. आता तुमीच सांगा, काय करू.”

याला उत्तर नाही. वारसा, इतिहास, पुढची पिढी यातला एकही शब्द त्या माणसासमोर काढवत नव्हता. सरपंचताईंनी पाझर तलावातल्या गाळाचा पर्याय मांडला. अण्णांचं म्हणणं, तलाव दोन किलोमीटरवर, डिझेल कोण देणार. बोलणं तिथंच अडलं.

सुटलं ते आमच्यामुळे नाही. कोपऱ्यात बसलेले एक ऐंशीच्या घरातले आप्पा मधेच बोलले. “अरे, पांढर रानात शिंपायची असती, भरायची नसती. एकराला चार गाड्या टाकल्या तर खत. हातभर टाकली तर खारवट, पाणी धरणार न्हाई. गोट्यावर ती टाकून ज्वारी येती व्हय?”

आणि ते बरोबर आहे. पांढरीत राख, हाडं, शेण यांच्यामुळे स्फुरद भरपूर, म्हणून पातळ पसरली तर पीक खुलतं. पण खरडलेल्या रानाला खोली हवी, ओल धरणारी चिकण माती हवी. ती तलावाच्या गाळातच मिळणार. रब्बी ज्वारी ही साठवलेल्या ओलीवरच तर येते. मोहोळच्या संशोधन केंद्रात निवडलेली मालदांडी आजही या जिल्ह्यात टिकून आहे ती काळ्या, खोल रानाच्या जिवावर.

मग वाटाघाटी झाल्या त्या अशा. गाळ तलावातून, अण्णा आणि शेजारचे तिघं मिळून ट्रॅक्टर लावतील, ताई गाळ काढण्याच्या शासकीय योजनेतून यंत्राचं बघतील. टेकाडाच्या पायथ्याशी पुरानं कोसळलेला ढिगारा, ज्याचे थर आधीच विस्कटलेत, तो अण्णांनी खत म्हणून न्यायला हरकत नाही. नेण्याआधी आम्हाला एक दिवस द्यायचा, वरवर बघून घेतो. उभ्या कापाला हात लावायचा नाही. त्याच्या पायाशी ढिगाऱ्यातलाच दगड-मातीचा उतार ठेवायचा, म्हणजे तळ पोखरून वरचा भाग ढासळणार नाही. माळवदासाठी पाटीनं माती नेणाऱ्या बायांना कुणी अडवायचं नाही, पण न्यायची ती उत्तरेच्या जुन्या, जेसीबीनं कालवलेल्या बाजूनं.

आमच्यातल्या एकाला हे पटलेलं नाही. विस्कटलेल्या ढिगाऱ्यातही नाणी, मणी असणारच, म्हणाला. खरंय. पण सगळं वाचवायला निघालेल्याच्या हाती या परिस्थितीत काहीच लागलं नसतं. उभा काप वाचला, तो मला जास्त मोलाचा.

२८ डिसेंबर, रविवार

बोरामणीच्या गवताळ माळावरचं दगडी चक्रव्यूह या महिन्यात बातम्यांत आलं. एकात एक १५ फेरे, देशातलं अशा प्रकारचं सर्वांत मोठं वर्तुळाकार, साधारण दोन हजार वर्षांपूर्वीचं असावं असं अभ्यासकांचं म्हणणं. माळढोक आणि लांडग्यांवर लक्ष ठेवून माळ तुडवणाऱ्या निसर्गप्रेमींच्या ते नजरेत आलं. गवताच्या माळाला ‘पडीक’ म्हणणाऱ्यांनी याची जरूर दखल घ्यावी. नांगर लागला नाही म्हणूनच जमिनीवर नुसते मांडलेले, कुठंही न रोवलेले हे लहान दगड जागेवर राहिले. माळ राखला तर पक्षीही राहतो आणि दगडही. वनखातं आणि पुरातत्त्व खातं यांच्या फायली मात्र वेगळ्या.

धास्ती आता गर्दीची आहे. रीळ काढायला चार पोरं फेऱ्यांतून धावली आणि दोन दगड पायानं सरकले, तर वाट कुठून कुठं जात होती ते कायमचं पुसलं जाईल. आमच्या पट्ट्यातले असलेच दोन लहान दगडी गोल वहीत आहेत, मेंढपाळांनी दाखवलेले. त्यांच्याबद्दल याहून जास्त एक अक्षर लिहीत नाही.

१३ जानेवारी २०२६, मंगळवार

भोगी. सोलापूर शहरात यण्णीमज्जन. सातही नंदीध्वज, म्हणजे मानाच्या उंच काठ्या, आज सिद्धरामेश्वरांनी स्थापलेल्या ६८ लिंगांना तैलाभिषेक करत फिरतात. उद्या संक्रांतीला अक्षता, परवा किंक्रांतीला होम. मुलांना घेऊन मिरवणुकीमागं गेलो, हातात नकाशा.

६८ लिंगं म्हणजे बाराव्या शतकातल्या सोन्नलगीच्या, म्हणजे जुन्या सोलापूरच्या, भोवतालची आखणीच. शहर वाढलं, वेस गेली, तळी बुजली, गिरण्या आल्या आणि बंद पडल्या, तरी यातली लिंगं सापडतात, ती कुणी संरक्षित केली म्हणून नव्हे. वर्षातून एकदा तिथं काठी यायची असते, म्हणून. वाटेत कुणी जिना काढला तर मानकरी हटकतात. किती खात्यांना हे जमलं असतं?

याची दुसरी बाजूही आज डोळ्यांनी पाहिली. काही लिंगांभोवती चकचकीत फरशी, ग्रॅनाइटची चौकट, ऑइल पेंट. जुना दगड कुठे संपतो ते कळत नाही. राबता असलेली जागा टिकते, पण जशीच्या तशी टिकत नाही. आमच्या गावातल्या वीरगळांना तर कुणाची काठी नाही की नैवेद्य नाही; तिथं आधी राबता आणायचा आणि मग त्याला आवर घालायचा, असं दुहेरी काम आहे. गुरुजींनी ठसा वाचायला घेतलाय. त्यातलं वीराचं नाव लागलं तर शाळेतली पोरंच त्याची जत्रा भरवतील, असं सरपंचताई म्हणतात. भरवोत. फक्त ऑइल पेंट नको.

२७ जानेवारी, मंगळवार

काल ग्रामसभा झाली. ठराव झाला.

नोंदवही ठेवायची, नकाशा कार्यालयात भिंतीला लावायचा. टेकाडाच्या उभ्या भागातून यंत्रानं माती काढायची नाही. काढली तर तलाठी आणि पोलीस पाटलांना कळवायचं. वीरगळ आता आणखी हलवायचे नाहीत. शाळेजवळच कोरड्या दगडाच्या ओट्यावर उभे करायचे, सिमेंटमध्ये रोवायचे नाहीत आणि रंगवायचे नाहीत. मागून एकानं विचारलं, “निधी किती हाय याला?” निधी नाही म्हटल्यावर हशा झाला, आणि मला वाटतं त्यामुळेच ठराव लवकर झाला.

एक गोष्ट राहिली. गावठाण हद्दीतल्या टेकाडाच्या दक्षिण अंगाला दोन गुंठ्यांत दोन घरकुलं मंजूर आहेत. पुरात घर पडलेली ती कुटुंबं. पर्यायी जागा गायरानात दाखवलीय, पण ती ओढ्याच्या काठची आहे, आणि सप्टेंबरनंतर ओढ्याकाठी राहायला जा असं कुणाला सांगायचं? ताई गावाच्या मावळतीची एक जागा बघणार आहेत, तिची मोजणी व्हायचीय.

गुरुवारी ठरावाची सही-शिक्क्याची नक्कल घ्यायची. अण्णांच्या गाळ भरलेल्या रानात करडई पेरलीय. टेकाडाच्या पायथ्याच्या ढिगाऱ्याची शेवटची ट्रॉली शनिवारी जाणार. त्याआधी बघून घ्यायचं. उन्हाळ्यात माचणूर.